‘आसिया’ नाव बदला म्हणणाऱ्यांनो, आधी अक्षरं तपासा

‘मुलीचं नाव आसिया असेल तर आजच बदला. अर्थ आहे नाफरमान, गुनाहगार. प्रेषितांनी स्वतः हे नाव बदललं होतं. कुरआनात हे नाव नाही. अशी मुलगी आईबापाचं ऐकत नाही, सतत आजारी पडते.’ हा मेसेज माझ्या धाकट्या बहिणीला तिच्या नणंदेने पाठवला. तेव्हापासून बहीण रडतेय, कारण तिच्या लेकीचं नाव आसिया आहे.

प्रेषित मुहम्मद (स.) यांनी असं एक नाव बदललं, हे खरं. हदीस म्हणजे प्रेषितांच्या वचनांची आणि कृतींची नोंद. सहीह मुस्लिम या हदीससंग्रहात, किताबुल आदाब या भागात, इब्न उमर यांची हदीस आहे (क्रमांक 2139): एका ‘आसिया’चं नाव बदलून त्यांनी ‘जमीला’ ठेवलं. पण मूळ अरबी उघडून बघा की! तिथे नाव ऐन आणि स्वाद या अक्षरांनी लिहिलंय. उर्दूत गुनाहगाराला ‘आसी’ म्हणतात, तोच हा शब्द. आपल्या मुलींचं आसिया अलिफ आणि सीन या अक्षरांचं. त्याचा धातूच वेगळा. जखमेवर उपचार करणं, धीर देणं हा त्याचा अर्थ. अरबांच्या तोंडी दोन्ही उच्चार स्पष्ट वेगळे येतात. आपल्या बोलण्यात ऐन आणि अलिफ एकच होतात, स्वाद आणि सीनही, आणि देवनागरीत तर फरक उरतच नाही. एवढ्यावरून लोकांच्या लेकींना गुनाहगार ठरवून मोकळे झालात?

अलिफ-सीनची आसिया म्हणजे फिरऔनची, इजिप्तच्या राजाची बायको, जिने प्रेषित मूसांना वाढवलं. सहीह बुखारी या दुसऱ्या हदीससंग्रहात प्रेषित मुहम्मद (स.) तिचं नाव मरियमबरोबर घेतात.

कुरआनात नाव नाही, हेही खरं. सूरह तहरीममध्ये तिची दुआ आहे, उल्लेख मात्र ‘फिरऔनची पत्नी’ एवढाच. पण कुरआनात मरियमशिवाय कुठल्याच बाईचं नाव नाही. मग फातिमा, आयशा, खदीजा यांचीही नावं बदलायची का?

सगळ्यात जास्त संताप येतो तो आजारपणाच्या वाक्याचा. माझ्या भाचीला दमा आहे. मेसेज वाचल्यापासून बहीण विचारतेय, ‘नाव भारी पडलं का गं?’ पोरीच्या श्वासाचा त्रास नावावर ढकलला की औषधाकडे दुर्लक्ष होतं, आणि आईच्या जिवाला आयुष्यभराचा घोर लागतो. दीनच्या, म्हणजे धर्माच्या नावाने हे पसरवणाऱ्यांनी ‘ला तियरा’ वाचलं नाही का? अपशकुन असं काही नसतं, हे प्रेषितांचेच शब्द आहेत, बुखारी आणि मुस्लिम दोन्हींत. ऐकत नाही म्हणे! कुठली पोर प्रत्येक गोष्ट ऐकते?

ज्यांच्या घरी आसिया आहे त्यांनी उर्दूत नाव कसं लिहिलंय तेवढं पाहावं. चुकून ऐन-स्वाद पडलं असेल तर तिथे अलिफ-सीन करा. आधार, शाळेचा दाखला, राजपत्र यांतल्या कशालाही हात लावायची गरज नाही. मराठीत आणि इंग्रजीत नाव आहे तसंच राहतं.