बुलेट मुंगी: कळ खरी, बाकी भर

'एक चावा आणि खेळ खलास! जगातली सर्वांत विषारी मुंगी, वेदना मोजून २४ तास, आता आपल्या जंगलातही!' हा मेसेज या आठवड्यात तिसऱ्यांदा आला. सोबत फोटो चक्क ओंबिलाचा.

ओंबील म्हणजे कोकणात आंब्या-काजूवर पानं शिवून घर करणारी तांबडी मुंगी. ती चावते आणि चाव्यावर आम्ल सोडते. बुलेट मुंगी, म्हणजे पॅरापोनेरा क्लावाटा, मध्य आणि दक्षिण अमेरिकेच्या वर्षावनांतली. काळपट, इंचभर लांब. ती पोटाच्या टोकाची नांगी मारते, त्यामुळे 'चावा' म्हणणंही चूकच. आपल्याकडे ती नाही.

'खेळ खलास'? ब्राझीलमधल्या सातेरे-मावे जमातीत मुलगा पुरुष व्हायचा तर हातमोजा घालतो. काडीपाल्याने विणलेला, नांग्या आतल्या बाजूला येतील अशा मुंग्या अडकवलेला. आधी औषधी पाल्याच्या पाण्यात त्यांना गुंगी आणलेली असते. शुद्धीवर येतात तेव्हा चवताळलेल्या. दहाएक मिनिटं हात आत. आणि हे एकदा नाही, अनेकदा. मोजा उतरल्यावर हात सुजतात, अंग थरथरतं, पण पोरं जगतात. ॲलर्जी असेल तर धोका खराच, पण तो मधमाशीचाही असतो.

आता 'सर्वांत विषारी'. इथे कळ आणि विष यांची गल्लत आहे. अमेरिकी कीटकतज्ज्ञ जस्टिन श्मिट यांनी डंखांच्या वेदनेची ४ पर्यंतची मोजपट्टी केली. मधमाशी २ वर, ही मुंगी अगदी टोकाला. पण पट्टी मुख्यतः त्यांच्या स्वतःच्या अंगावरच्या अनुभवाची, प्रयोगशाळेतल्या काट्याची नव्हे. उंदरांवरच्या चाचण्यांत तर मॅरिकोपा हार्वेस्टर या मुंगीचं विष कितीतरी पटींनी जहाल ठरलं, आणि दुखण्यात ती हिच्या खालीच. बुलेट मुंगीच्या विषातलं पोनेराटॉक्सिन नसांमधले सोडियमचे दरवाजे नीट मिटू देत नाही, म्हणून नस कळीचा निरोप धाडतच राहते.

२४ तासांचं म्हणाल तर व्हेनेझुएलात तिला 'चोवीस तासांची मुंगी' म्हणतात, तिथून ते आलं असावं. मोजून वगैरे काही नाही. कुणाची कळ आधीच ओसरते.

मेसेजमध्ये ती 'झुंडीने शिकार शोधत फिरते' असंही आहे. खरं तर झाडाच्या बुंध्याशी वारूळ करून या मुंग्या बऱ्याचदा एकेकट्या वर चढतात आणि जबड्यात मधुरसाचा टपोरा थेंब धरून, तो सांडू न देता, खाली घेऊन येतात.