हमखास चालणारी नायिका

लेखक किंवा चित्रकार व्हायचं मनात असेल तर आधी नायिका हाताशी हवी. कष्ट फारसे नाहीत, नाट्यशास्त्रात आठ साचे तयारच आहेत. तो येणार म्हणून नटूनथटून, शेज सजवून बसली की वासकसज्जा. त्याला उशीर झाला, विरहोत्कंठिता. शब्द देऊन फिरकलाच नाही, विप्रलब्धा. दुसरीकडे रात्र काढून पहाटे उगवला, खंडिता. परगावी गेला, प्रोषितभर्तृका. भांडून त्याला घालवलं आणि मागाहून हळहळली, कलहान्तरिता. उठून स्वतःच त्याच्याकडे निघाली तर अभिसारिका, आणि तो मुठीत असला तर स्वाधीनभर्तृका. तो कुठे आहे तेवढं ठरवा. ती कोण, हे आपोआप ठरतं. तिला भूक, कंटाळा, दातदुखी द्यायच्या भानगडीत पडू नका. (झोप हवीच असेल तर लोककथेतल्या उर्मिलेसारखी चौदा वर्षांची द्या. तेवढीच पानं वाचतात.)

गुन्हा कुणाचाही असो, शिक्षा तिच्या नावावर टाका. वेष पालटून आला इंद्र, शिळा झाली अहल्या. शाप त्यालाही मिळाला म्हणा, पण अंगावरच्या कलंकांचे पुढे डोळे झाले आणि गडी सहस्राक्ष म्हणून मिरवायला मोकळा. रोमन कवी ओव्हिडची मेड्युसाही त्याच माळेतली. मिनर्व्हाच्या देवळात अत्याचार केला समुद्रदेवाने, साप झाले ते मेड्युसाच्या केसांचे.

चित्र काढायचं असेल तर तिला आंघोळीला बसवा, फक्त प्रसंग धार्मिक निवडा. बघणाऱ्याला पुण्यही लागतं. बायबलच्या परंपरेतली सुझॅना बागेत न्हाते आहे आणि दोन म्हातारे चोरून बघताहेत. इटालियन चित्रकार टिंटोरेटोने तिच्यापुढे आरसाच ठेवला. ती स्वतःला निरखण्यात दंग, मग म्हाताऱ्यांना कोण बोलणार? आपणही त्यांच्या जोडीला निवांत उभे राहतो.

इटलीचीच चित्रकार अर्तेमिसिया जेंतिलेस्की, तिच्या वाटेला मात्र जाऊ नका. विशीही न गाठलेल्या या मुलीने १६१० मध्ये हाच प्रसंग रंगवला आणि सगळी मजा घालवली. म्हातारे पार अंगावर ओणवलेले, एकाने ओठांवर बोट ठेवलेलं. सुझॅनाने मान फिरवलेली, दोन्ही हात आडवे धरलेले, चेहऱ्यावर चक्क किळस. अशा चित्रापुढे रसिकाने रमावं तरी कसं?

चित्रावर तिची सही आहे, सालही आहे. तरी घाबरू नका. तिचे वडील ओराझिओ नावाजलेले चित्रकार होते. ‘हात वडिलांचाच असणार’ म्हणायची सोय आहे, आणि जाणकारांनी ती वापरलीही आहे.