नववं कूट

डेटिंग अ‍ॅपवर त्याच्या फोटोखाली ‘२४ किमी दूर’ असं लिहिलं होतं आणि मी, जन्मापासून डोंबिवलीत राहणारी बाई, त्यावर विश्वास ठेवून बसले.

तो बोरिवलीचा. ज्यांना मुंबईचा नकाशा पाठ नाही त्यांच्यासाठी सांगते, डोंबिवली आणि बोरिवली जवळजवळ एकाच अक्षांशावर आहेत. डोंबिवली स्टेशनातून नाकासमोर पश्चिमेला चालत सुटलं तर माणूस बोरिवलीलाच पोचेल. वाटेत फक्त खाडी लागेल, पारसिकचा डोंगर लागेल, अख्खं ठाणे शहर लागेल आणि मग शंभराहून जास्त चौरस किलोमीटरचं राष्ट्रीय उद्यान लागेल, ज्यात बिबटे राहतात. अ‍ॅपचं अंतर हे उडत जाणाऱ्याचं अंतर. आम्ही लोकलने जाणारे. लोकलने जायचं तर डोंबिवलीहून आधी दादरला यायचं, ते चाळीसेक किलोमीटर. मग पूल ओलांडून दुसरी गाडी धरायची आणि दादरहून पुन्हा बोरिवलीपर्यंत वर चढायचं. ते किती? चोवीस. म्हणजे ज्या चोवीसच्या भरवशावर मी होकार दिला होता, ते नुसते दुसऱ्या गाडीचे होते.

या अ‍ॅपपर्यंत यायला मला छत्तीस वर्षं लागली. अठ्ठाविसाव्या वर्षी आईने विवाह मंडळाचा फॉर्म भरला. ‘चष्मा आहे / नाही’ यातलं ‘नाही’ तिने इतक्या जोरात खोडलं की मागच्या पानावरची माझी शैक्षणिक पात्रताही फाटली. ‘अपेक्षा’ या रकान्यात तेव्हा पाच ओळी होत्या. बत्तिसाव्या वर्षी दोन उरल्या. पस्तिसाव्या वर्षी आई म्हणाली, “तुझं तू बघ आता.” हा राजीनामा होता, आणि नोटीस पिरियडही न देता दिलेला.

अ‍ॅप मी डाउनलोड केलं ते रात्री अकरा वाजता, पांघरुणाखाली. सकाळी सव्वाआठला ते सगळ्या लेडीज डब्याला माहीत होतं. दुसऱ्याच्या फोनमध्ये बघण्याला आमच्या डब्यात डोकावणं म्हणत नाहीत. मान ठेवायला दुसरी जागाच नसते.

गाडी अंबरनाथची, त्यामुळे डोंबिवलीकरणीला बसायला मिळणं म्हणजे पूर्वजन्मीचं पुण्य. आमचा ग्रुप माझ्यासाठी चौथी सीट राखून ठेवतो, तीही ठाण्यापर्यंत आळीपाळीने. ग्रुपमध्ये अंबरनाथच्या काकू, उल्हासनगरच्या ताई, कल्याणला चढणारी कॉलेजातली पोरगी आणि खिडकीवाल्या ताई. खिडकीवाल्या ताई विठ्ठलवाडीच्या. पन्नाशीच्या, कडक इस्त्रीची कॉटनची साडी, एका खणाचा डबा. दिवसभरात त्या आमच्याशी एकच वाक्य बोलायच्या, “पंखा लावा जरा.” बाकी वेळ खिडकीबाहेर.

माझा फोन पहिल्याच दिवशी समितीने ताब्यात घेतला. टिंडर २०१२ साली आलं. डावीकडे सरकवलं की नकार, उजवीकडे की होकार, ही युक्ती ज्यांनी अमेरिकेत लोकप्रिय केली त्यांच्या डोळ्यांसमोर सोफ्यावर पडलेला एकटा माणूस असणार. आठ बायका, एक फोन आणि दोन किलो मटार असं दृश्य त्यांना कुणी सांगितलं नसणार. काकूंची बाकीची बोटं मटार सोलून ओली, म्हणून त्या कोरड्या करंगळीने माझं आयुष्य सरकवायच्या. उजवं-डावं त्यांच्या लक्षात राहायचं नाही. शेवटी साडीच्या दुकानातली भाषा ठरली: ‘ठेव’ आणि ‘काढ’.

“हा लडाखला मोटरसायकलवर.”

“काढ. आधीचेही तिघं तिथेच होते. घरी कुणी राहतं की नाही?”

“याच्या फोटोत पाच जण आहेत.”

“काढ. निळ्या शर्टातला बरा आहे, म्हणजे हा तो नसणार.”

“हा स्वतःला सेपिओसेक्शुअल म्हणवतो.”

“म्हणजे साप पाळतो?”

कॉलेजातल्या पोरीने समजावून सांगितलं की, ज्याला फक्त बुद्धिमान व्यक्तींबद्दल आकर्षण वाटतं तो. काकूंनी एक शेंग मोडली, दाणे मोजल्यासारखे केले आणि म्हणाल्या, “मग त्याला बुद्धिमान बाई हो कशाला म्हणेल? काढ.”

त्याच वर्षी, म्हणजे २०२५ च्या जूनअखेर, जागतिक आरोग्य संघटनेचा एक अहवाल आला होता. जगात दर सहा माणसांमागे एक एकाकी आहे म्हणे. पोरीने तो मोठ्याने वाचला. समोरासमोरच्या दोन बाकांवर रेल्वेच्या हिशेबाने सहा जणी बसतात, आमच्या हिशेबाने आठ. उल्हासनगरच्या ताई एका कंपनीत अकाउंट्स बघतात, त्यांनी तोंडी भागाकार केला. आठ भागिले सहा, एक पूर्णांक एक तृतीयांश.

“एक तर ही झालीच,” काकूंनी माझ्याकडे बोट केलं. “उरलेली पाव-तुकडा कोण गं?”

सगळ्या हसल्या. खिडकीवाल्या ताईंनी काच थोडी वर सरकवली.

(पाव-तुकडा नाही, तिसरा हिस्सा, अशी दुरुस्ती अकाउंट्सवाल्या ताईंनी केली, पण तोवर मुंब्रा आलं होतं.)

बोरिवलीवाला आला डिसेंबरात. हिरवे मटार, थंडी आणि त्याचा फोटो असं सगळं एकदम. फोटोत तो बाल्कनीत कपडे वाळत घालत होता, चिमटे तोंडात धरून. खाली लिहिलं होतं, ‘मराठी टाइप करता येतं.’ काकूंची करंगळी हवेत थांबली. “ठेव,” त्या म्हणाल्या. एकमत झालं. मग पोरीने राहण्याचं ठिकाण वाचलं आणि उल्हासनगरच्या ताईंनी विचारलं, “वेस्टर्न?” आमच्या आज्या ‘परजातीतला?’ ज्या सुरात विचारत, अगदी त्या सुरात.

यात ताईंची चूक नाही. भांडण जुनं आहे. १६ एप्रिल १८५३ ला बोरीबंदरहून ठाण्याला पहिली आगगाडी गेली ती जीआयपी कंपनीची. पश्चिमेकडचे रूळ टाकले बीबीसीआय कंपनीने. दोघींनी आपापला किनारा धरला आणि उत्तरेला निघून गेल्या. १९५१ मध्ये त्यांच्या मध्य रेल्वे आणि पश्चिम रेल्वे झाल्या, सरकार एक झालं, स्वभाव बदलले नाहीत. रविवारी रुळांची दुरुस्ती करायची तर आमच्याकडे त्याला मेगाब्लॉक म्हणतात आणि त्यांच्याकडे जम्बोब्लॉक. ज्यांचं एका शब्दावर जमत नाही, त्यांच्या प्रवाशांनी संसार मांडायचा होता.

तसं आमचं बोलणं छान चालायचं. या अ‍ॅपवरच्या पुरुषांचा ठरलेला प्रश्न ‘जेवलीस का?’ हा आहे. सकाळी आठला विचारतात, दुपारी चारला विचारतात. इतक्या लोकांनी माझ्या जेवणाची चौकशी केली, पण कुणी डबा आणला नाही. हा वेगळा निघाला.

“कुठे आहेस?”

“दिवा स्टेशनजवळ. सिग्नल नाही.”

“गाडीला की फोनला?”

“दोघांनाही.”

यावर त्याने हसणारं चित्र पाठवलं नाही. ‘खरंच हसलो, शेजारच्याने बघितलं’ असं लिहिलं. मी ते वाक्य त्या दिवशी चार वेळा वाचलं. पाचव्यांदा काकूंनी वाचलं.

भेटायचं रविवारी. पहिल्या रविवारी माझ्याकडे ब्लॉक, माटुंगा ते मुलुंड. पुढच्या रविवारी त्याच्याकडे. तिसऱ्या रविवारी दोन्ही रेल्वे सुरळीत होत्या, पण त्याच्या मावशीच्या घरी सत्यनारायण होता. चौथ्या रविवारी ‘दादरला, एक नंबरवर, पाच वाजता’ असं ठरलं.

दादर म्हणजे काय ते मी सांगायला नको. डिसेंबर २०२३ पासून तिथले फलाट एका ओळीत मोजतात. पश्चिमेचे एक ते सात, आमचे आठ ते चौदा. हे पाटीवर. आमच्या डोक्यात आमचा एक नंबर अजून एक नंबरच आहे. मी पाच वाजता माझ्या एक नंबरवर, म्हणजे आठवर उभी. तो त्याच्या एक नंबरवर, म्हणजे एकवर.

“मी आलेय.”

“मीही.”

“कुठे?”

“एकवर.”

“मीही.”

पंचवीस मिनिटं आम्ही एकमेकांना खोटारडे समजत उभे होतो. शेवटी “पुलावर ये” असं एकाच वेळी दोघांनी लिहिलं आणि रुमाल, चार्जर अन् केसांचे चाप विकणाऱ्या एका माणसाच्या टोपलीपाशी आम्ही प्रथम समोरासमोर आलो. मागून लोंढा आला. त्याने माझा हात धरला. प्रेमाने नव्हे, नाहीतर मी परळच्या दिशेने गेले असते.

तिथून बाहेर पडून एका जुन्या उपाहारगृहात पीयूष आणि साबुदाणा वडा. प्लेटमध्ये तीन वडे. तिसरा त्याने चमच्याने बरोबर मधोमध कापला, दोन्ही अर्ध्यांकडे बघितलं आणि जिच्यात एक अख्खा शेंगदाणा जास्त होता ती बाजू माझ्याकडे सरकवली. काही बोलला नाही. अशा वेळी शहाणी माणसं डोळ्यांत डोळे घालून बसतात. आम्ही साडेसात वाजता एकदमच गाड्यांच्या वेळा बघायला एम-इंडिकेटर उघडलं. त्याला विरार फास्टमध्ये चढायचं नव्हतं, कारण बोरिवलीला उतरू देत नाहीत. मला बदलापूर चालत होती, पण ती बारा मिनिटं लेट होती. त्या बारा मिनिटांत आम्ही अजून एक पीयूष मागवला. मध्य रेल्वेने माझ्यासाठी आजवर केलेली हीच एक चांगली गोष्ट.

घरी आईला कळलं. तिने राजीनामा तात्काळ मागे घेतला आणि त्याची जन्मवेळ मागवली. छत्तीसपैकी अठ्ठावीस गुण जमले. अठरा जमले तरी लग्न होतं, हे तिनेच सांगितलं. मी तो कागद नीट वाचला. वर्णाचा १ गुण, वश्याचे २, ताराचे ३, योनीचे ४, ग्रहमैत्रीचे ५, गणाचे ६, भकूटाचे ७ आणि नाडीचे ८. आठ कुटं. मंगळ कुठे आहे ते बघतात, बोरिवली कुठे आहे ते कुणी बघत नाही. नववं कूट असायला हवं होतं, लाइनचं, आणि त्याला ९ गुण.

चार महिन्यांत आमच्या तीन भेटी झाल्या. बाकी वेळ आम्ही बोगद्यावर बोललो. ठाणे ते बोरिवली असा जुळा बोगदा होतोय, राष्ट्रीय उद्यानाच्या पोटातून, पोचरस्त्यांसकट अकरा किलोमीटर आणि वर काही. जुलै २०२४ मध्ये पंतप्रधानांच्या हस्ते भूमिपूजन झालं. इतर जोडपी मधुचंद्राला कुठे जायचं ते बोलतात, आम्ही खोदाई यंत्राचे फोटो पाठवायचो. ‘बोगद्याचं काही कळलं?’ असं त्याने विचारलं की मला धडधडायचं, कारण आमच्यात ‘आपलं पुढे काय’ हे विचारायची तीच पद्धत होती. त्याच डोंगरात कान्हेरीची शंभराहून अधिक लेणी आहेत. घरदार सोडलेले भिक्खू तिथे ध्यानाला बसायचे. ठाण्याहून बोरिवलीला जाण्याचा प्रयत्न करून मध्येच थांबलेले लोक असावेत, असं माझं अलीकडे मत झालं आहे.

एप्रिलमध्ये त्याचा मेसेज आला. माणूस प्रामाणिक. ‘कांदिवलीची एक मुलगी भेटली. चालत जाता येतं.’ पुढे तीन ठिपके बराच वेळ नाचले, मग थांबले. मी ‘अभिनंदन’ टाइप करून पाठवलं, तर ते पोचलंच नाही. फोटो गेला होता. चिमट्यांसकट.

दुसऱ्या दिवशी चौथ्या सीटवर बसल्या बसल्या मी सांगून टाकलं, “त्याने मला ब्लॉक केलं.”

उल्हासनगरच्या ताईंनी दचकून फोन काढला. “कुठून कुठपर्यंत?”

मग त्यांच्या लक्षात आलं. सेक्शनमध्ये इतकी शांतता झाली की पुढच्या डब्यातलं भजन ऐकू आलं. काकू दुःखाच्या प्रसंगी बोलत नाहीत, खायला देतात. मटार संपले होते, त्यांनी पिशवीतून कैरीची फोड काढली, मीठ-तिखट लावलेली, आणि माझ्या तळहातावर ठेवली. “वेस्टर्नचे,” एवढंच म्हणाल्या. पोरीने माझा फोन घेऊन अ‍ॅप उघडलं, अंतराची मर्यादा पाच किलोमीटरवर आणली आणि परत दिला. पाच किलोमीटरच्या आत एकूण अकरा पुरुष निघाले. त्यातला एक आमच्या सोसायटीचा सेक्रेटरी होता, वय सात वर्षांनी कमी लावलेला. मी फोन उलटा करून मांडीवर ठेवला.

ठाण्याला उल्हासनगरच्या ताई उतरल्या. घाटकोपरला पोरगी. दादरला काकू उतरल्या, उतरताना माझ्या डोक्यावर थापटून गेल्या. भायखळ्यानंतर आमच्या दोन बाकांवर मी आणि खिडकीवाल्या ताई. पंखे फिरत होते, तरी त्यांना काहीतरी म्हणायचं होतंसं दिसलं.

“त्यात,” त्यांनी माझ्या मांडीवरच्या फोनकडे बघितलं, “वय किती लिहिता येतं गं?”

“कितीही.”

“त्रेपन्न?”

“हो की.”

त्यांनी पर्समधून फोन काढून माझ्या हातात दिला. स्क्रीनवर गणपतीचा फोटो, कोपऱ्यात तडा. मी अ‍ॅप उतरवून घेतलं, नाव घातलं, जन्मतारीख घातली. फोटो एकच सापडला, बँकेच्या ओळखपत्राचा. तोही बरा होता. सँडहर्स्ट रोड मागे गेलं. मी अंतराच्या रकान्यापाशी आले आणि बोट तसंच धरून थांबले.

“ताई, किती लांबपर्यंतचे दाखवू? वेस्टर्न चालेल?”

त्यांनी खिडकीबाहेर बघितलं. मस्जिद आलं होतं.

“कुठलेही चालतील गं,” त्या म्हणाल्या. “हार्बरसुद्धा.”