‘काळचुना’ या आमच्या खेळावरील दोन ताऱ्यांच्या अभिप्रायास उत्तर

सप्रेम नमस्कार.

‘काळचुना’ हा पटावरचा खेळ विकत घेऊन आपण त्याबद्दल सविस्तर लिहिलेत, याबद्दल आभारी आहे. आपले मुख्य म्हणणे असे, की आमच्या काल्पनिक नगरीतला हा वेळ संथ करणारा गिलावा नियमाने वागत नाही, लेखकाच्या सोयीने वागतो. शिवाय खिडकीच्या पत्त्यावरचे चित्र चुकले आहे आणि पुठ्ठ्याचे तुकडे पावसाळ्यात वाकले आहेत.

तुकड्यांचे आधी सांगतो, कारण त्यात वाद नाही. ऑगस्टमध्ये नागपुरात पुठ्ठ्याचे काय होते, हे आम्ही येथलेच असून विसरलो. तुकडे बदलून मिळतील.

आता नियम. पृष्ठ १४ वर ‘प्रत्येक थर खोलीतला वेळ निम्म्याने कमी करतो’ असे वाक्य आहे. आपण धान्याच्या कोठाराला दोन थर दिलेत. पहिल्याने निम्मा वेळ गेला, दुसऱ्याने उरलेला निम्माही गेला, आणि ज्वारीला कीड लागणेच बंद झाल्यामुळे चौघांना पुढे खेळण्यासारखे काही राहिले नाही. आम्हाला अभिप्रेत होते ते असे, की दुसरा थर उरलेल्या वेळाचा निम्मा करतो: बाहेर ८ दिवस गेले तर एका थराच्या खोलीत ४, दोन थरांच्या खोलीत २, तीन थरांच्या खोलीत १, आणि कितीही थर चढवले तरी शून्य कधीच नाही. ते वाक्य मी स्वतः लिहिले, चार वेळा तपासले, आणि चारही वेळा मला त्यात माझाच अर्थ दिसला. आपण लावलेला अर्थही त्यातून सरळ निघतो, त्यामुळे चूक आपल्या वाचण्यात नाही, माझ्या लिहिण्यात आहे.

मात्र एवढ्यावरून हा पदार्थ म्हणजे ‘हवी तशी वाकणारी जादू’ आहे, असा जो निष्कर्ष आपण काढलात, तो मला मान्य नाही. पृष्ठ २२ वर त्याचा हिशेब दिला आहे. एका खोलीत जेवढे दिवस अडतात, तेवढे भिंतीला लागून असलेल्या खोलीत जादा उलटतात. कोठारात ६ दिवस वाचवले, तर शेजारी राहणाऱ्या आजींचे ८ ऐवजी १४ दिवस जातात, आणि आजींचे पत्ते संपले की नगरसभेत त्या खेळाडूचे मत जाते. आपल्या अभिप्रायात आजींचा उल्लेखच नाही, त्यावरून हा भाग खेळलाच गेला नसावा असे वाटते.

हा गिलावा सुचला तो नागपूरच्या महाल भागातल्या एका जुन्या वाड्याची डागडुजी पाहताना. घाण्यात मळलेल्या चुन्यात गूळ आणि बेलफळाचा गर पडला होता. मिस्त्रींनी ताज्या गिलाव्यावर नख दाबले तेव्हा खूण उमटली. शेजारच्या जुन्या भिंतीवरून तेच नख घसरले. भिजवलेला चुना हवेतला कार्बन डायऑक्साइड ओढून घेत सावकाश पुन्हा दगडासारखा होत जातो. काळ ओढून घेणारा चुना ही त्यावर आम्ही मारलेली थाप, दोन्ही अर्थांनी.

खिडकीविषयी मात्र मी चित्रकाराच्या बाजूने उभा आहे. संथ खोलीतून बाहेर पाहिल्यास सारे निळसर दिसायला हवे, मग चित्रातला कडुनिंब पांढराशुभ्र कसा, असे आपण विचारता. फरक किंचित असता तर आपलेच बरोबर ठरले असते. पण आतला वेळ निम्म्या गतीने चालू लागला, की बाहेरून येणाऱ्या प्रकाशाची तरंगलांबीही आतल्या माणसासाठी निम्मी होते. ७०० नॅनोमीटरचा लाल प्रकाश ३५० वर, म्हणजे अतिनील पट्ट्यात जातो आणि दिसेनासा होतो. दिसतो तो मुळात ८०० ते १४०० नॅनोमीटरचा अवरक्त प्रकाश, आणि हिरवी पाने त्यातला बराचसा परतवतात. म्हणून झाड उजळते. भर दुपारी त्या खोलीची लाकडी दारे लावून घ्यावीत हा नियमही यातूनच आला, कारण बाहेरचे साधे ऊन आत कातडी भाजणारे अतिनील होऊन येते. नागपूरचा मे महिना काढलेल्या माणसाला हा नियम वेगळा शिकवावा लागू नये.

उंबरठ्यावर उभ्या राहिलेल्या माणसाचे काय होते, हा आपला प्रश्न मात्र वर्मी लागला. गुरुत्वाकर्षणामुळे उंचीनुसार घड्याळे वेगळी चालतात, हे पृथ्वीवरही खरे आहे. २०१० मध्ये केवळ ३३ सेंटिमीटर उंचीच्या फरकाने अणुघड्याळांत पडणारे अंतर मोजले गेले. ते अत्यंत सूक्ष्म असते. भिंतीच्या जाडीत वेळ निम्मा करायचा, तर तेथील गुरुत्वाकर्षण इतके भयंकर लागेल की माणूसही उरणार नाही आणि भिंतही. हे आम्ही जाणूनबुजून बाजूला ठेवले आहे व प्रस्तावनेत तसे सांगितले आहे.

पृष्ठ १४ चे दुरुस्त वाक्य आणि वरचा ८ दिवसांचा तक्ता असलेले शुद्धिपत्र सर्व ग्राहकांना विनामूल्य पाठवत आहोत. आपल्याला पैसे परत हवे असल्यास पूर्ण मिळतील, खेळ परत करण्याची आवश्यकता नाही. चौघे पुन्हा एकदा बसणार असाल, तर शनिवारी सायंकाळी धरमपेठेतल्या आमच्या दुकानात पट मांडून ठेवतो. आजींचे पत्ते तेवढे या वेळी वगळू नयेत, ही विनंती.

आपला नम्र,
दुकानाचा मालक