काका, गुंडांवर लिहायचंच नाही का मग?

काका, कमेंट वाचली. तुमचं म्हणणं असं की मुंबईच्या दगडी चाळीतल्या डॉनवर, अरुण गवळीवर, एवढं लांबलचक लिहून मी गुंडाला हिरो केलं, मेलेल्यांबद्दल अवाक्षर नाही, आणि असलं वाचूनच आपल्या नाशिकच्या सिडको-सातपूरची पोरं भाई व्हायला निघतात. नाही पटलं, राग मानू नका.

एक तर ती पोरं माझे लेख वाचत नाहीत हो, ती रील बघतात. आणि रील काय फक्त भाईंचीच असते का? २०२५ च्या ऑक्टोबरमध्ये आपल्या पोलिसांनी पकडलेल्या भल्याभल्यांना कॅमेऱ्यासमोर 'नाशिक जिल्हा, कायद्याचा बालेकिल्ला' म्हणायला लावलं, ते व्हिडिओ आख्ख्या महाराष्ट्राने मिटक्या मारत पाहिले, मी पण पाहिले, तुमच्या फॅमिली ग्रुपवरही आलेच असतील. मजा कसली होती त्यात? कोर्ट नाही, तारखा नाहीत, कालपर्यंत माज करणारा आज हात जोडून उभा. भाईच्या दरबाराचं लोकांना जे आकर्षण वाटतं ते तरी दुसरं काय असतं, भाडेकरू रूम सोडत नाही, कोणीतरी पैसे दाबून बसलंय, दिवाणी दावा नातवंडांपर्यंत चालणार, मग 'एक फोन टाकला की काम होतं' असा माणूस हवाहवासा वाटतोच.

लेखात गिरणगावाचं, म्हणजे मुंबईच्या कापड गिरण्यांच्या भागाचं, लिहिलं ते कुणाला दया यावी म्हणून नाही. जानेवारी १९८२ ला दत्ता सामंतांचा गिरणी संप सुरू झाला, अडीच लाखांच्या आसपास कामगार बाहेर, घरात पगार नाही, आणि टोळ्यांना पोरं हवीच होती. हे गाळलं की उरतं काय, गवळीचे पांढरे कपडे, गांधी टोपी आणि 'डॅडी' हे नाव, म्हणजे निव्वळ पिक्चर. हिरो तिथे होतो काका.

आणि मेलेल्यांचं म्हणाल तर कमलाकर जामसंडेकर लेखाच्या शेवटच्या भागात आहेत, तिथवर पोचला नसाल. शिवसेनेचे नगरसेवक, २००७ मध्ये घरात घुसून गोळी घातली, सुपारी ३० लाखांची, २०१२ ला मकोका कोर्टाने गवळीला जन्मठेप दिली. खुनाच्या तीनच वर्षं आधी, २००४ ला, हाच माणूस चिंचपोकळीतून आमदार म्हणून निवडून आला होता. लोकांच्या मतांवर! तेव्हा कुठे होता माझा लेख?

बाकी 'नाशिकच्या चांगल्या विषयांवर लिहा' म्हणालात, तर रामकुंडातल्या काँक्रीटवर लिहिलं होतं की मागे. तिथे तुमची कमेंट काही दिसली नाही.