प्रतिवादीच्या गाडीतून आलेले संरक्षण

दिवाणी न्यायालयाने आम्हाला मंजूर केलेले पोलीस संरक्षण काल सकाळी अखेर आमच्या आंब्याच्या बागेत पोहोचले, आणि तेही प्रतिवादीच्या गाडीतून. ठाण्याची गाडी मंत्रिमहोदयांच्या महामार्ग पाहणीच्या बंदोबस्ताला गेली होती, म्हणून ज्याच्यापासून आमचे रक्षण करायचे त्याच्याच शेजारी बसून हवालदारसाहेब आले, त्याच्याच पडवीत त्यांनी कोकम सरबत घेतले आणि मग झेले (आंबे उतरवायच्या जाळीच्या काठ्या) घेऊन ताटकळत उभ्या असलेल्या आमच्या गड्यांना विचारले, "अजून सुरुवात नाही केलीत?" सुरुवात कशाची करणार? आदल्या रात्रीच बॅटऱ्यांच्या उजेडात कलमे रिकामी झाली होती. पंचनामा करा म्हटले, तर "आदेशात संरक्षण लिहिलंय, पंचनामा कुठे लिहिलाय?" वर सल्ला, "घरातलेच आहात, आपसात मिटवा." जाताना "संरक्षण पुरविले" अशा मजकुराच्या कागदावर सही मागितली. मी नकार दिला, तेव्हा साक्षीदार म्हणून प्रतिवादीने आनंदाने सही केली.

प्रतिवादीविरुद्धचा न्यायालयाचा मनाईहुकूम घेऊन ठाण्यात प्रथम गेलो, तेव्हा ठाणे अंमलदारांनी ही दिवाणी बाब आहे, आम्ही त्यात पडत नाही, असे सांगितले होते. म्हणून वकिलांनी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १५१ खाली पोलीस मदतीचा अर्ज केला. तो मंजूर होईपर्यंत मोहोराची कैरी झाली. पुढे प्रमाणित नक्कल ठाण्यात दिली, तर शिक्का पुसट निघाला, मग साहेब मीटिंगला गेले, मग शिमग्याचा बंदोबस्त लागला. या देशात झेरॉक्सवाल्यांचे मात्र कधी काही अडत नाही. जमिनीच्या मोजणीच्या वेळीही हेच घडले होते: पोलीस आले नाहीत, समोरच्यांनी आरडाओरडा केला आणि भूकरमापक "हरकतीमुळे मोजणी झाली नाही" असे लिहून निघून गेले. त्यावर "कोकणात भाऊबंदकी चालायचीच" असे म्हणणारे, गणपतीपुरते गावी येणारे आमचे मुंबईकर चुलत बंधू! त्यांच्या वाट्याची पेटी मात्र न चुकता पोहोचली पाहिजे.

त्याच संहितेतल्या आदेश ३९, नियम २-अ प्रमाणे मनाईहुकूम मोडणाऱ्याची मालमत्ता जप्त करता येते आणि त्याला तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैदेत ठेवता येते. हा नियम मला इतका पाठ झाला आहे, की जेवताना कोणी मीठ मागितले तरी मी तोच ऐकवतो, अशी घरात तक्रार आहे. काल रागाच्या भरात हवालदारांनाही तो म्हणून दाखवला. त्यांनी शांतपणे ऐकून घेतला आणि मी वकील आहे का, अशी चौकशी केली.

या नियमाखालचा अर्ज आता उन्हाळी सुट्टीनंतर लावू, असे आमचे वकील म्हणतात. तोपर्यंत त्या आंब्याचे वाशीच्या बाजारातून आलेले पैसे खर्चूनही झालेले असतील.