मुक्कामी एसटी

२०२५च्या जूनमध्ये समृद्धी महामार्गाचा शेवटचा टप्पा खुला झाला, तेव्हा ‘७०१ किलोमीटर, नागपूर-मुंबई आठ तासांत’ हे सगळ्यांच्या स्टेटसला होतं. रस्ता झकास आहे, वाद नाही. पण त्यावर दुचाकीला बंदी, आणि हात दाखवून गाडी थांबायचा प्रश्नच नाही. ज्याच्या बांधावरून तो गेला त्याला तो नुसता दिसतो.

आपल्या खेड्यांत खरी उलथापालथ केली ती मुक्कामी एसटीने, असं माझं ठाम मत आहे. १ जून १९४८ला पुणे-अहमदनगर अशी पहिली एसटी धावली, पुढे ‘गाव तिथे एसटी’ झालं. रात्री गाडी गावात यायची, ड्रायव्हर-कंडक्टर देवळात नाहीतर शाळेच्या ओट्यावर पथारी टाकायचे आणि पहाटे तीच गाडी तालुक्याला निघायची. दुधाच्या किटल्या, भाजीच्या पाट्या, कोर्टाची तारीख, दवाखाना, सगळं त्या फेरीवर. तालुक्याला खोली करून शिकणाऱ्या पोरांचे डबेसुद्धा. पिशवीवर नाव लिहून डबा कंडक्टरकडे द्यायचा, संध्याकाळी रिकामा परत. माझ्या चुलतभावाचं अख्खं कॉलेज या डब्यावर झालं. (कालवण सांडल्याची तक्रार तो अजून करतो.)

मुलींचं शिक्षण तर थेट वेळापत्रकाला बांधलेलं. गावात शाळा सातवीपर्यंत. पुढे पाठवायचं का, हा विषय निघाला की बाप मार्क नंतर विचारायचा, आधी ‘परतीची गाडी कितीला?’ दिवसाउजेडी असली तर पोरगी दहावी व्हायची, अंधार पडल्यावरची असली तर स्थळं बघायला सुरुवात. सरकारलाही हे उमगलं, म्हणून तर मुलींना मोफत पास आला, मानव विकास कार्यक्रमात १२५ तालुक्यांत मुलींसाठी निळ्या गाड्या आल्या. मार्च २०२३पासून बायकांना अर्धं तिकीट आहे. ‘आता बायका उगाच फिरतात’ म्हणे. फिरू देत की! पुरुष पारावर बसायला तालुक्यापर्यंत जायचे तेव्हा कुणी कारण विचारलं होतं?

आता घरटी मोटारसायकल आली, वडाप म्हणजे खाजगी जीप आहे. त्याने पुरुषांची एसटी सुटली. गाडीची किल्ली मात्र त्यांच्याच खिशात. म्हातारीला गुडघा दाखवायला जायचं तर नातवाला वेळ हवा, आणि नातवाला वेळ नसतो. ‘प्रवासी घटले’ असा शेरा मारून फेरी बंद होते, तेव्हा घटले ते कोण आणि थांब्यावर अजून उभे आहेत ते कोण, हे कुणी बघतं का? तोटा आहे, मान्य. दुपारच्या रिकाम्या फेऱ्या कापा हवं तर. शाळा सुटायच्या वेळेची तेवढी ठेवा.